साठेखतानंतर खरेदीखत अडले तर

जमिनीच्या साठेखतात एक बाजू ‘लिहून देणार’ असते आणि दुसरी ‘लिहून घेणार’. किंमत ठरते, विसाराची रक्कम दिली जाते आणि उरलेली रक्कम मिळाल्यावर अमुक मुदतीत खरेदीखत करून देण्याची कबुली लिहून देणारा देतो. पुढे भाव वाढतो, भावकीत कुणी मोडता घालतो किंवा दुसरे चढे गिऱ्हाईक भेटते, आणि लिहून देणारा टाळाटाळ सुरू करतो. अशा वेळी विसार परत घेऊन गप्प बसणे एवढाच मार्ग घेणाऱ्यापुढे नसतो. व्यवहार ठरल्याप्रमाणे पूर्ण करून द्यावा, असा हुकूम तो दिवाणी न्यायालयाकडे मागू शकतो. कायद्याच्या पुस्तकी मराठीत याला कराराची विनिर्दिष्ट पूर्तता म्हणतात. कोर्टाच्या आवारात ‘स्पेसिफिक परफॉर्मन्सचा दावा’ किंवा नुसते ‘करारपूर्तीचा दावा’ असे म्हटले जाते.

साठेखत म्हणजे मालकी नव्हे. मालमत्ता हस्तांतरण अधिनियम, १८८२ च्या कलम ५४ मध्ये हे स्पष्ट लिहिले आहे: विक्रीच्या करारामुळे त्या मालमत्तेत घेणाऱ्याचा कोणताही हितसंबंध आपोआप निर्माण होत नाही. इंग्लंडच्या कायद्यात करार होताच न्यायबुद्धीच्या दृष्टीने घेणाऱ्याला एक प्रकारची मालकी मिळते, असे मानतात. भारतीय कायद्याने ती कल्पना मुद्दाम नाकारली. शंभर रुपये आणि त्याहून अधिक किमतीच्या स्थावर मालमत्तेची मालकी नोंदणीकृत खरेदीखतानेच जाते. साठेखत, कुलमुखत्यारपत्र आणि मृत्युपत्र अशी तीन कागदांची चळत करून जमीन ‘घेतली’ असे समजणारे पुष्कळ लोक आहेत. सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये सूरज लॅम्प प्रकरणात त्यांना स्वच्छ सांगितले की या कागदांनी मालकी मिळत नाही. साठेखताने मिळतो तो खरेदीखत करून मागण्याचा हक्क. त्यापलीकडे एक छोटा दिलासा आहे. घेणाऱ्याने दिलेल्या किमतीपुरता त्याचा बोजा, व्यवहार त्याच्या चुकीने मोडला नसेल तर, त्याच जमिनीवर राहतो.

हा हक्क अंमलात आणता येतो, यामागे एक जुनी समजूत आहे. करार मोडला तर साधारणपणे नुकसानभरपाई मिळते. गहू दिला नाही, तर दुसऱ्या दुकानातून घ्यावा आणि भावातला फरक वसूल करावा. जमिनीचे तसे नाही. विहिरीला लागून असलेले, रस्त्याला तोंड असलेले ठरावीक गटाचे रान दुसरीकडे मिळत नाही, मग पैशाने भरपाई कशी होणार? इंग्लंडच्या चान्सरी न्यायालयाने याच तर्कावर करारपूर्तीचे हुकूम द्यायला सुरुवात केली. तो विचार आपल्याकडे १८७७ च्या कायद्यात आला आणि पुढे विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ मध्ये. स्थावर मालमत्तेचा करार मोडल्यास पैशाने पुरेशी भरपाई होत नाही असे न्यायालयाने गृहीत धरावे, असे त्या कायद्याच्या कलम १० मध्ये नमूद होते.

तरीही हुकूम देणे न्यायालयाच्या विवेकावर होते. जुन्या कलम २० नुसार करार कायदेशीर असूनही, देणाऱ्यावर अतोनात संकट ओढवत असेल किंवा घेणाऱ्याला गैरवाजवी फायदा होत असेल, तर न्यायाधीश हुकूम नाकारू शकत. १ ऑक्टोबर २०१८ पासून लागू झालेल्या दुरुस्तीने हा विवेकाधिकार काढून टाकला. कायद्यातले ठरावीक अपवाद सोडले तर करारपूर्तीचा हुकूम ‘देता येईल’ याऐवजी ‘द्यावा’ अशी भाषा आली. दुरुस्तीनंतर ‘आता साठेखत म्हणजे खरेदीखतच’ असे काहींनी म्हणायला सुरुवात केली, पण ते बरोबर नाही. घेणाऱ्याच्या गळ्याशी येणारी खरी अट कलम १६ मध्ये आहे आणि ती शाबूत राहिली.

ती अट अशी: आपला वाटा पुरा करायला आपण सतत तयार आणि राजी होतो, हे वादीने सिद्ध केले पाहिजे. १९९६ च्या एका निकालात सर्वोच्च न्यायालयाने या दोन गोष्टी वेगळ्या करून दाखवल्या. तयारी म्हणजे पैशाची ऐपत. राजीपणा म्हणजे व्यवहार पुरा करण्याची इच्छा, आणि ती वागण्यातून दिसावी लागते. करार झाल्यापासून निकालापर्यंत दोन्ही अखंड असाव्या लागतात. २०१८ पूर्वी हे दाव्याच्या मजकुरात लिहिणेही आवश्यक होते. आता ते लिहिले नाही म्हणून दावा पडत नाही, पण सिद्ध तर करावेच लागते.

बहुतेक दावे इथेच घसरतात. समजा, एका शेताची किंमत ४० लाख रुपये ठरली, ४ लाख विसार दिला आणि सहा महिन्यांत उरलेले ३६ लाख देऊन खरेदीखत करायचे ठरले. देणारा टाळू लागला. घेणाऱ्याने दोनदा फोन केला, एकदा घरी जाऊन आला, आणि अडीच वर्षांनी दावा लावला. साक्षीच्या पिंजऱ्यात त्याला पहिला प्रश्न येतो: सहावा महिना संपला त्या दिवशी ३६ लाख कुठे होते? ‘मेहुणा देणार होता’ किंवा ‘दुसरी जमीन विकून आणणार होतो’ अशी उत्तरे उलटतपासणीत टिकत नाहीत. बँकेचे खाते उतारे, मुदत ठेवींच्या पावत्या, बँकेचे कर्जमंजुरीचे पत्र, पैसे उभे करण्यासाठी विकलेल्या मालमत्तेचे कागद, यांतले काहीतरी समोर असावे लागते. पैसे प्रत्यक्ष पुढे करणे किंवा कोर्टात भरणे, कोर्टाने सांगितल्याशिवाय आवश्यक नाही, असे कायदाच म्हणतो. पण ते उभे करण्याची शक्ती दाखवावी लागते. त्याहून उत्तम पुरावा म्हणजे मुदत संपण्याआधी वकिलामार्फत गेलेली नोटीस: अमुक तारखेला, अमुक वाजता दुय्यम निबंधकांच्या कार्यालयात रक्कम घेऊन हजर आहोत, खरेदीखत करून द्या. त्या दिवशी तिथे खरोखर हजर राहून त्याची काही लेखी खूण ठेवणारा वादी कोर्टात निराळ्याच वजनाने उभा राहतो.

वेळेचा प्रश्न याला जोडूनच येतो. जमिनीच्या व्यवहारात करारातली मुदत हा कराराचा प्राण मानायचा नाही, अशी जुनी रीत आहे. १९१५ मध्ये मुंबईतून गेलेल्या एका अपिलात लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने व्हायकाउंट हॅल्डेन यांच्या निकालातून ती भारतासाठी पक्की केली. सहा महिन्यांऐवजी सात महिने झाले म्हणून जमिनीचा करार मोडत नाही. पण पक्षकारांनी स्पष्ट शब्दांत वेळ महत्त्वाची ठरवली असेल, तर मात्र ती पाळावीच लागते. सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठापुढे आलेल्या एका प्रकरणात घेणाऱ्याने ९८,००० रुपये दहा दिवसांत द्यायचे होते. आधी आयकराचा दाखला आणा, असा आग्रह त्याच्या बाजूने धरला गेला आणि पैसे दिले गेले नाहीत. १९९३ साली प्रसिद्ध झालेल्या त्या निकालात घेणारी बाजू हरली.

पुढच्या काही वर्षांत न्यायालयाचा सूर आणखी बदलला. १९९७ च्या निकालातले घर मदुराई शहरातले होते. किंमत ६०,००० रुपये, विसार ५,००० आणि मुदत सहा महिन्यांची. घेणारा अडीच वर्षे जवळजवळ गप्प बसला आणि तेवढ्यात भाव सुमारे तिप्पट झाले. न्यायालयाने म्हटले की वेळेविषयीची जुनी रीत किमती स्थिर असण्याच्या काळातली आहे. शहरांतले भाव झपाट्याने चढत असताना ती आंधळेपणाने लावता येणार नाही. किरकोळ विसार देऊन घर वर्षानुवर्षे अडवून ठेवण्याची मुभा कायदा देत नाही, असा त्या निकालाचा रोख होता, आणि तो योग्यच म्हणावा लागेल.

इथे मुदतीच्या कायद्याबद्दल लोकांचा एक गैरसमज आड येतो. १९६३ च्या मुदतीच्या कायद्याचे अनुच्छेद ५४ करारपूर्तीच्या दाव्याला तीन वर्षे देते. करारात तारीख ठरली असेल तर त्या तारखेपासून, ठरली नसेल तर देणाऱ्याने नकार दिल्याचे कळल्यापासून. ‘तीन वर्षे आहेत ना’ म्हणत पुष्कळजण शेवटच्या महिन्यापर्यंत थांबतात. पण ती दावा लावण्याची बाहेरची सीमा आहे. आधीची स्तब्धता तयारी आणि राजीपणाविरुद्धचा पुरावा म्हणून वापरली जाते. शिवाय देणाऱ्याने मधल्या काळात रीतसर नोटीस देऊन करार रद्द केला असेल, तर ती रद्दबातल ठरवण्याची मागणीही दाव्यात करावी, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये सांगितले. ही मागणी राहून गेल्याने कोर्टाच्या दारातून परतलेले वादी आहेत.

कागदाच्या बाबतीत महाराष्ट्रात दोन गोष्टी लक्षात ठेवाव्या लागतात. पहिली मुद्रांकाची. महाराष्ट्र मुद्रांक अधिनियमानुसार साठेखतासोबत ताबा दिला असेल किंवा खरेदीखताआधी देण्याचे ठरले असेल, तर ते शुल्कापुरते खरेदीखतच समजले जाते आणि त्यावर पूर्ण शुल्क लागते. पुढे खरेदीखताच्या वेळी ते वळते होते. मुद्रांक कमी असलेला कागद, शुल्क आणि दंड भरल्याशिवाय, पुराव्यात घेतला जात नाही. दुसरी नोंदणीची. साठेखत नोंदवलेले नसले तरी करारपूर्तीच्या दाव्यात ते कराराचा पुरावा म्हणून दाखवता येते. नोंदणी अधिनियमाच्या कलम ४९ मध्ये तशी सवलत आहे. पण ताबा राखण्यासाठी मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाच्या कलम ५३-अ चा आधार घ्यायचा असेल, तर २००१ पासून नोंदणी सक्तीची झाली आहे. तोही आधार फक्त बचावाचा आहे. त्याच्या जोरावर देणाऱ्याला आपल्याला हुसकण्यापासून रोखता येते, मालकी मागता येत नाही. करार तोंडी असला तरी तत्त्वतः त्याची पूर्तता मागता येते. तो सिद्ध करताना जी दमछाक होते, तिच्यासाठी मात्र उत्साह असावा लागतो.

देणाऱ्याच्या कैफियतीत एक बचाव वारंवार आढळतो, विशेषतः खेड्यांतल्या दाव्यांत: हे साठेखत नव्हतेच, हातउसने पैसे घेतले तेव्हा तारण म्हणून लिहून दिलेला कागद होता. लिखित दस्तऐवजाच्या अटींविरुद्ध तोंडी पुरावा चालत नाही, हा पुरावा कायद्याचा नियम सर्वांना ठाऊक असतो. पण दस्त मुळात दिखाऊ होता आणि त्यामागचा व्यवहार निराळाच होता, हे दाखवायला तोंडी पुरावा चालतो, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८२ साली प्रसिद्ध झालेल्या निकालातच स्पष्ट केले आहे. मग न्यायालय कागदाभोवतीची परिस्थिती पाहते. पाच लाखांच्या जमिनीची किंमत दीड लाख लिहिली आहे का, ताबा देणाऱ्याकडेच राहिला का, पैशावर व्याज दिल्याच्या नोंदी आहेत का. उलट बाजारभावाच्या आसपासची किंमत, मोजणीचा नकाशा, सर्च रिपोर्ट आणि वर्तमानपत्रातली जाहीर नोटीस असली, तर हा बचाव सहसा टिकत नाही.

दुसरा नेहमीचा बचाव वाट्याचा. सातबाऱ्यावर चौघांची नावे आणि साठेखतावर सही एकाचीच, असे चित्र दुर्मीळ नाही. बहिणींनी हक्कसोडपत्र केलेले नसते. अशा वेळी सही न करणाऱ्यांचा हिस्सा त्या कराराने बांधला जात नाही. सही करणाऱ्याच्या हिश्श्यापुरती पूर्तता विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमाच्या कलम १२ खाली मागता येते, पण त्याच्या अटी कडक आहेत आणि उरलेल्या भागावरचा दावा सोडावा लागतो. अज्ञान मुलाचा हिस्सा असेल, तर पालकाला न्यायालयाच्या परवानगीशिवाय तो विकता येत नाही. लिहून देणारा मरण पावला म्हणून मात्र करार संपत नाही. त्याचे वारस त्याने बांधले जातात.

शेतजमिनीत सरकारी परवानगीचा अडसर येतो. कुळकायद्याने कुळाला मिळालेली जमीन कलम ४३ खाली काही प्रकरणांत जिल्हाधिकाऱ्यांच्या परवानगीवाचून विकता येत नाही, आणि शेतकरी नसलेल्याला शेतजमीन घेण्यावर कलम ६३ चे बंधन आहे. परवानगी नव्हती म्हणून दावा बाद, असे नेहमीच होत नाही. परवानगीची गरज असलेल्या व्यवहारात ती मिळवण्यासाठी अर्ज करणे ही विकणाऱ्याचीच गर्भित जबाबदारी आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने साठच्या दशकातच सांगितले. त्यामुळे ‘परवानगी मिळाल्यास खरेदीखत करून द्यावे’ असा सशर्त हुकूम होऊ शकतो. कायद्याने जो व्यवहार पूर्णपणे निषिद्ध आहे, त्याची पूर्तता मात्र कोणतेही न्यायालय करून देत नाही.

सर्वांत चीड आणणारा प्रकार म्हणजे साठेखत एकाला आणि खरेदीखत दुसऱ्याला. अशा वेळी घेणारा हरलाच, असे नाही. विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमाच्या कलम १९ नुसार नंतरच्या खरेदीदाराविरुद्धही करारपूर्ती मागता येते. त्याला सुटायचे असेल, तर पूर्ण मोबदला दिला, सचोटीने व्यवहार केला आणि आधीच्या कराराची माहिती नव्हती, हे त्यानेच दाखवायचे असते. साठेखत नोंदवलेले असेल, तर ते नोंदणी कार्यालयातल्या सूची क्रमांक २ च्या शोधात सापडते, आणि ‘माहीत नव्हते’ म्हणणे अवघड होते. पन्नासच्या दशकात न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांनी अशा हुकूमनाम्याची रीत घालून दिली: मूळ मालकाने खरेदीखत करून द्यावे आणि नंतरच्या खरेदीदाराने त्यात सामील होऊन आपला हक्क वादीला द्यावा. दावा चालू असताना केलेली विक्री तर दाव्याच्या निकालाला बांधलेलीच असते. मात्र जुन्या मुंबई प्रांताने १९३९ मध्ये मालमत्ता हस्तांतरण अधिनियमात केलेली दुरुस्ती जिथे लागू आहे, तिथे या संरक्षणासाठी दाव्याची नोटीस दुय्यम निबंधकांकडे नोंदवावी लागते. दावा लावताना हे काम राहून जाणे महागात पडते.

खटला लांबला की भावाचा प्रश्न उभा राहतो. नुसते भाव वाढले म्हणून करारपूर्ती नाकारता येत नाही. पण घेणाऱ्याने जादा रक्कम द्यावी, अशी अट न्यायालये घालत आली आहेत. मुंबईतल्या एका फ्लॅटचा १९६६ मध्ये ६०,००० रुपयांना झालेला करार सर्वोच्च न्यायालयात २००२ मध्ये पुरा झाला, तोही ठरल्या किमतीवर मोठी भर घालूनच. २०१८ च्या दुरुस्तीने असे दावे समन्स बजावल्यापासून बारा महिन्यांत, फार तर आणखी सहा महिन्यांत, निकाली काढायला सांगितले आहे. प्रत्यक्षातल्या तारखा ज्यांनी पाहिल्या आहेत, ते या तरतुदीकडे सदिच्छा म्हणूनच पाहतात.

करारपूर्ती नाकारली गेली तर विसाराचे काय? दाव्यात पर्यायी मागणी म्हणून तो परत मागितलेला असावा लागतो. मागितलाच नसेल तर न्यायालय तो देत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये पुन्हा बजावले. मागणीत तशी दुरुस्ती मात्र दाव्याच्या कोणत्याही टप्प्यावर मिळू शकते. चूक घेणाऱ्याची असेल तर खरा विसार जप्त होऊ शकतो, त्यापुढची रक्कम नाही. १९६३ च्या, दिल्लीतल्या बंगल्याविषयीच्या निकालाचा यासाठी आजही आधार घेतला जातो. किंमत १,१२,५०० रुपये होती. विसाराचे १,००० जप्त करण्याची मुभा मिळाली, पण नंतर दिलेले २४,००० विक्रेत्याला ठेवता आले नाहीत. म्हणून साठेखतात विसार किती आणि किमतीपोटी आगाऊ किती, हे वेगळे लिहिलेले बरे.

हुकूमनामा झाला तरी काम उरते. न्यायालय उर्वरित रक्कम भरायला मुदत देते. ती चुकली आणि वाढवून घेतली नाही, तर विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमाच्या कलम २८ खाली देणारा त्याच दाव्यात करार रद्द करून मागू शकतो. कष्टाने जिंकलेले दावे इथे हातचे गेले आहेत. रक्कम भरल्यावरही देणारा सही करायला आला नाही, तर दरखास्त दाखल करायची. वादी खरेदीखताचा मसुदा सादर करतो, तो प्रतिवादीला बजावला जातो, त्याच्या हरकती ऐकल्या जातात आणि मग न्यायालयाने नेमलेला अधिकारी त्याच्या वतीने सही करतो. दुय्यम निबंधकांकडे पूर्ण मुद्रांक शुल्क भरून तो दस्त नोंदवला जातो. ताब्याची मागणी दाव्यातच केलेली असावी. राहिली असेल तर दुरुस्तीने घालता येते. नोंदवलेल्या खरेदीखतावर तलाठ्याकडे फेरफाराची नोंद होते, मंडळ अधिकारी ती प्रमाणित करतो आणि त्यानंतरच सातबाऱ्यावर घेणाऱ्याचे नाव लागते.